चाळीस सेकंद

गेट्सहेडला, डोरीन हेपलच्या छताला
एक टिटवी चिकटलीय.
दर चाळीस सेकंदांनी ओरडते.

घरमालक फोनवर म्हणाला, करार बघा,
अलार्म माझा, बॅटरी तुमची.
बघितला, ती म्हणाली,
शिडी कोणाची ते नाही लिहिलेलं.
माझे गुडघे एकोणऐंशीचे आहेत.

शेवटी वरचा कीथ आला,
खुर्चीवर चढला, बॅटरी उपसली.
नवी उद्या आणतो हं, म्हणाला.

आता घर गप्प.
बॉयलर मात्र चालू,
आणि त्यातून कधी निसटलंच काही
तर त्याला ना वास, ना रंग,
दारावर टकटक करायचीही रीत नाही.

डोरीन अंधारात मोजते.
अडतीस. एकोणचाळीस. चाळीस.
काहीच ओरडत नाही.
ती उठते, कोट चढवते,
आणि जानेवारीत
खिडकी सताड उघडते.