उताराला लावलेली गाडी

सात महिने मी गाडी उताराला लावली,
तोंड खाली करून.
मंगळवार पेठेत उतार शोधावा लागत नाही,
पण रात्री नवाच्या आत धरावा लागतो.
किल्ली फिरवली की एकच आवाज,
जिभेनं टाळूवर नकार द्यावा तसा :
टक्.
पुन्हा फिरवली, पुन्हा टक्.

साडेपाचला मी दूध संघाच्या लॅबला निघते,
फॅट आणि एसएनएफ कुणासाठी थांबत नाहीत.
तालमीतली पोरं त्याच वेळी बाहेर यायची,
अंगाला तांबडी माती, कान चेपलेले.
"वैनी, दुसरा गेर टाका. आम्ही म्हणू तवा क्लच सोडा."
पायरीवर वस्ताद हिंदुराव, टॉवेल खांद्यावर :
"ढकलंल त्येला शंभर बैठका माफ."
डिकीवर रोज सहा तळहात उमटायचे,
मी ते रविवारी पुसायची.

मग मार्चात पोरं मैदानाला सांगलीकडं गेली,
आणि गाडीपुढं कुणी टेम्पो आडवा लावला.
घोडा अडून बसलेल्या नवरदेवासारखी
मी स्टिअरिंग धरून बसून राहिले.

उद्यमनगरात बारगीरांनी स्टार्टर भरून ठेवलेला.
"बसवणार कोण?"
"मी."
त्यांनी आधी चहा मागवला.
सव्वादोन हजार. जुना परत दिला तर तीनशे कमी.

बॅटरीची वजा तार पहिली. दहाचा पाना.
चाकामागं विटा, खाली जॅक,
जॅकवर विश्वास नाही म्हणून बांधकामावरचा ओंडका.
पाठीखाली कुणाच्या तरी वाढदिवसाचा फ्लेक्स,
त्या हसऱ्या गालावर मी उताणी झोपले.

खालचा बोल्ट लोण्यासारखा आला.
वरचा दिसतच नाही.
तो बोटांनी बघायचा,
मानेमागं साखळीचा फासा लावतात तसा.
पान्याला नळाचा तुकडा जोडला, टाच चाकाला टेकली,
डोळ्यात गंज पडला.
बोल्ट ढिम्म.

फ्लेक्सच्या कडेला दोन मोठी पावलं येऊन थांबली.
"जोर नगा लावू, वैनी. पेच बघा."
हे कुस्तीचं की बोल्टचं, कळेना.
पडल्या पडल्या पेच बघितला.
उलटीकडून हात घातला की डावं उजवं होतं :
अर्धा तास मी तो घट्ट करत होते.

मी हसले तेव्हा तोंडात गंज गेला.

सुटला, आणि अख्खा स्टार्टर छातीवर आला.
चार किलो असेल.
उघडून पाहिला, कार्बन नखाएवढे उरलेले,
एवढ्यावर हा सात महिने
निदान टक् तरी म्हणत होता.

नवा बसवताना एक वायसर हरवला.
तो चपलेत सापडला.
तारा लावल्या, वजा शेवटी.
किल्ली फिरवली
आणि समोरच्या इंदुमतीकाकूंची खिडकी उघडली,
"कुणाची गाडी गं?"
"माझीच."

सोमवारी साडेपाचला पोरं आली,
सवयीनं तळहात मांडीला पुसत.
मी किल्ली फिरवली.
पोरांचे हात डिकीपासून वीतभर अलीकडंच थांबले.
"आयला, सुटली की!"
सगळ्यात धाकट्या मल्हारीनं तरी हात टेकले,
चार पावलं ढकलत आला, चालू गाडीला.
मागून वस्तादांचा आवाज :
"चला आता. शंभर बैठका."
मल्हारीनं माझ्याकडं असं बघितलं
की मी आरशातली नजर काढून घेतली.

बारगीरांना जुना परत दिला नाही.
तीनशे गेले.
वस्तादांनी मागितला, तालमीचं दार वाऱ्यानं मिटतं म्हणून.
आता तो उंबऱ्याशी असतो,
पिनियनच्या दातांत तांबडी माती भरलेली.
मी अजून गाडी उतारालाच लावते.
पहाटे काच खाली केली
आणि वारा असला, तर ऐकू येतं,
दार त्याला जाऊन लागतं.
टक्.