कॅप्सूल तरंगते

द्राक्षतोडणी संपली त्याच्या तिसऱ्या दिवशी
म्हातारा ओतिया दवाखान्यात आला.
खिशात दहाची पट्टी, नऊ तशाच.
एक घेतली म्हणाला,
अर्धी घशात गेली, अर्धी रुमालात.

मी म्हटलं, माझ्यासमोर घ्या बघू.

त्यानं कॅप्सूल जिभेवर ठेवली,
ग्लास उचलला आणि क्षणभर थांबला,
कुणाच्या तरी नावानं दोन शब्द बोलायचे असल्यासारखा.
मग मान टाकली मागे, थेट छताकडे,
जशी चाळीस वर्षं टाकत आलाय
लग्नांत, बारशांत, मयताच्या जेवणांत,
बोकडाच्या शिंगातून वाइन रिती करताना.
शिंग भरलेलं खाली ठेवता येत नाही,
आडवं पडतं, सांडतं,
म्हणून एका दमात.
अलाझानीच्या खोऱ्यात पंगत कुणाचीही असो,
पहिला शब्द ओतियाचा.

पाणी गेलं.
कॅप्सूल वरच्या दातांमागे चिकटून बसली.
ठसका, लाल डोळे,
आणि एक जुनी शिवी, जी मी माझ्या आजोबांनंतर
कुणाच्या तोंडी ऐकली नव्हती.

मी त्याच्या पट्टीतली दुसरी काढली,
पाण्यानं भरलेल्या ग्लासात टाकली.
बुडाली नाही.
लाल-पिवळी, लहानशी होडी,
काठाशी जाऊन हलत राहिली.

हिच्या पोटात हवा आहे, ओतियाकाका.
तुम्ही मान मागे टाकता, पाणी घशाकडे धावतं,
आणि ही तरंगत दातांकडे.
तोंडभर नको, एक घोट घ्या. हनुवटी छातीकडे न्या.
मान झुकवा.

मान?
मान तर मी जिल्ह्याच्या पक्षसचिवापुढे झुकवली नाही.

तो तुमच्या घशात अडकला नव्हता, मी म्हटलं.

हसला नाही.
खिडकीबाहेर ट्रॅक्टर गेला, द्राक्षांचा चोथा सांडत.
लामारा फोडून द्यायची, तो म्हणाला.
मधात कालवून.
मला कधी कळलंच नाही
की गोळ्या गिळाव्या लागतात.

या फोडायच्या नाहीत.
आतले दाणे सावकाश सुटायला हवेत,
एकदम सुटले तर औषध अंगावर येईल.

मग पाण्याशिवाय घेतो.
आवंढा गिळतोच की रोज, कोरडा.

मी लगेच काही बोलले नाही.
नर्सिंगच्या शाळेत अन्ननलिका शिकवतात,
फळ्यावर, गुलाबी खडूनं,
कुठे अरुंद होते, कुठे औषध थांबून जाळतं.
आवंढ्याचं काही शिकवत नाहीत.
तो कोरडा गिळता येतो, मी म्हटलं शेवटी,
कारण तो कधी पोटापर्यंत पोचत नाही.
हिला पोचायचं असतं.

आधी नुसतं पाणी, घसा ओला होण्यापुरतं.
मग जिभेवर तिसरी कॅप्सूल.
मग एक घोट.

झुकला.
आधी हनुवटी, मग खांदे,
मग ती आख्खी पाठ, जिच्यावर मी शाळेत असताना
पिंपं चढताना पाहिली होती.
कंठमणी वर गेला, खाली आला.
मान मात्र वर येईना.
घड्याळाचा काटा सरकत होता.
मी खुर्चीवरून अर्धी उठले,
हात त्याच्या पाठीकडे नेला,
मनात पाचपर्यंत मोजलं.

गेली, तो म्हणाला,
जमिनीकडे बघतच.

मी वर आणखी अर्धा ग्लास पाणी प्यायला लावलं.
रिकामा ग्लास त्यानं टेबलावर ठेवला.
ग्लास उभा राहिला.
त्याकडे तो जरा वेळ बघत होता.

आता अर्धा तास आडवं व्हायचं नाही, मी सांगितलं,
आणि पुढच्या माणसाला हाक मारली.

दवाखाना बंद करून निघाले तेव्हा
तो अजून बाहेरच्या बाकावर होता,
तुतीखाली, ताठ,
दोन्ही हात गुडघ्यांवर,
समोर लांबलचक टेबल मांडलेलं असावं
आणि सगळे यायचे बाकी असावेत तसा.
अर्धा तास कधीच उलटून गेला होता.
मी सांगितलं नाही.