टर्बो

तापकीर गल्लीत, जिन्याखालच्या माझ्या टेबलावर
निहाल पटवेकरनं लॅपटॉप ठेवला.
"टर्बो लावला की विमानासारखा ओरडतो,
आणि गेम तरी अडकतोच."

उघडला. पंख्याच्या पात्यांत
कोंढव्याची धूळ, मांजराचे पांढरे केस.
प्रोसेसरवरची पेस्ट वाळून
पोपडे धरलेल्या चुन्यासारखी.
खरवडलं, पुसलं, नवी लावली वाटाण्याएवढी.
टर्बोत टाकून अर्धा तास पिदडला:
शहाण्णववरून बहात्तर. आवाज जवळजवळ नाहीच.
आठशे रुपये घेतले, जरा ताठ मानेनंच.

बुधवारी तो परत.
"काय बिघडलं?"
"बिघडलं नाही. शांत झालाय."
स्क्रूंच्या वाटीकडे बघत म्हणाला,
अब्बा भोसरीत पॉवर प्रेसवर होते, एकतीस वर्षं,
बहुतेक रात्रपाळी. जेवणाच्या सुट्टीत
चालू मशीनशेजारी पुठ्ठ्यावर डुलकी काढायचे.
आता घरी छताकडे बघत पडतात.
मी गेम लावला की मात्र घोरायचे.
चार रात्री झाल्या.

गेमशिवायही पंखा पूर्ण वेगात फिरवायची
एक सेटिंग असते, तिसऱ्या मेन्यूत दडलेली.
कुणी मागत नाही.
लावून दिली, अकरा ते पाच.
खात्रीसाठी एकदा सुरू केली:
टेबल थरथरलं, वाटीतले स्क्रू वाजले,
शेजारच्या माळावाल्या ओसवालांनी डोकं बाहेर काढलं.

निहाल हसला नाही. कान देऊन ऐकत राहिला.
"अजून थोडा जाड होईल का आवाज?"