स्वीकारायचं?

टाकीच्या गळतीचे एकेचाळीस फोटो
फोनमधून कॉम्प्युटरवर न्यायचेत.
वायर होती. ती गणपतीत कुणीतरी नेली,
आमच्या वाशीच्या सोसायटीत नेलेलं परत येत नाही.

तर आता हवेतून.
दोघं एकाच टेबलावर, मध्ये चहाचा कप,
तरी आधी ओळख पटवावी लागते:
सहा आकडे इकडे, तेच सहा तिकडे,
पत्रिका जुळवावी तसे.

मग पडद्यावर येतं:
‘ऋजुताचा फोन काही पाठवू इच्छितो. स्वीकारायचं?’

फोन तिचा जुना. जर्मनीला जाताना म्हणाली,
बॅटरी उतरते बाबा, पण कॅमेरा चांगलाय.
तिचा शेवटचा मेसेज म्हणजे नुसता अंगठा,
त्याला झाले सतरा दिवस.
नाव कुठे बदलायचं ते मला ठाऊक आहे.

मी ‘हो’ दाबतो.
एकेक येत जातात, ओल, पोपडे, गंजकी सळई,
आणि सदतीसावर अडतात.
कप उचलून बाजूला ठेवतो,
जणू चहाच आडवा आला होता.

अडतीस.

गोगटे वहिनी दारातूनच: झालं का हो, सेक्रेटरी?
येतंय, म्हटलं. ऋजुताकडून येतंय.
अगंबाई! काय पाठवलंन?

टाकी, म्हटलं.