एकोणतिसावी सभा

कसाव्याची खळ मी घरूनच शिजवून नेतो.
बाजारातला गोंद कलाबारच्या दमट हवेत
दुपारपर्यंत सुटतो,
आणि कोर्टाचा हुकूम एका कोपऱ्यावर लोंबकळताना
बरा दिसत नाही.

सभागृहाचं दार इरोको लाकडाचं.
पहिला कागद डकवला तेव्हा
आत खुर्च्या मांडून झाल्या होत्या,
जोलोफ भात वाफेला आला होता,
छत्र्यांचे गठ्ठे फोडायचे बाकी होते.
भेट म्हणून छापलेल्या छत्र्या:
क्वा रबर कंपनी, एकोणतिसावी वार्षिक सभा.
एडेम साहेब चुलतभावाकडे बघत नव्हते,
घड्याळाकडे बघत होते.
एकतर्फी मनाई. सभा भरवू नये,
ठराव मांडू नये, चेअरमन हलवू नये.
भात खाऊ नये असं कुठे लिहिलं नव्हतं.
तो आम्ही खाल्ला.

मग ओरॉक साहेबांचा दावा: सभा घ्याच.
मग कुणा मेहुण्याचा,
ज्याच्या नावावर आदल्या शुक्रवारी दहा शेअर चढले:
घेऊ नका.
मग तेच गाऱ्हाणं उयोला,
तेच लागोसला, तेच अबुजाला,
वादी तेवढा नवा.
कंपनीच्या नावातली स्पेलिंगची चूकही तीच,
एका आईच्या सगळ्या लेकरांच्या हनुवटीवर
तोच तीळ असावा तशी.
एका मंगळवारी मी नऊ वाजता ‘घ्या’ चिकटवलं
आणि साडेअकराला ‘घेऊ नका’.
खळ एकाच डब्यातली.

मला काय. मी बेलिफ.
माझा पगार कागदाच्या मजकुरावर ठरत नाही.

एकानेम बाई मात्र दर खेपेला ओरोनहून बोटीने यायच्या.
सुईणपणातून निवृत्त, डोक्यावर रविवारची टोपी,
पर्समध्ये दोनशे चाळीस शेअरचं सर्टिफिकेट.
नवऱ्याने सव्वीस वर्षं चीक काढला,
निवृत्तीला कंपनीने अर्धे पैसे दिले, अर्धा कागद.
दारापाशी येऊन चष्मा पुसत विचारायच्या:
“आज काय म्हणतंय दार?”
मी वाचून दाखवायचो.
त्या ऐकून घ्यायच्या, अडलेल्या बाळंतिणीजवळ बसावं
तशा पायरीवर थोडं बसायच्या
आणि चारची बोट पकडायच्या.
त्यांचा एकच प्रश्न होता, वहीच्या पानावर लिहिलेला.
घडीवर ते पान फाटलं, तेव्हा त्यांनी
मागून चिकटपट्टी लावली.

सहाव्या वर्षी न्यायमूर्ती अडेडोयिन बाईंनी
अकरा फायली टेबलावर ओळीने मांडल्या
आणि बराच वेळ नुसत्या बघत राहिल्या.
मग म्हणाल्या, ही न्याय मागायला आलेली माणसं नाहीत,
ही कोर्टाला दाराची कडी म्हणून वापरणारी माणसं आहेत.
न्यायप्रक्रियेचा दुरुपयोग. अकराही दावे फेटाळले.
खर्च वकिलांनी आपल्या खिशातून भरावा.
मोठ्या वकिलांनी टोप सावरला,
झुकून म्हणाले, कोर्टाचे आभार.

हा हुकूम लावायला दारावर जागाच उरली नव्हती.
पाणी मारून, सुरीने खरवडून
सहा वर्षांचा थर काढला. एकसंध आला,
पुठ्ठ्यासारखा जाड. मोडता मोडेना.
खाली इरोको फिकट पडला होता,
पट्टी सोडल्यावर दिसणाऱ्या कातडीसारखा.

आज सभा भरली आहे.
छत्र्या वाटल्या, सहा वर्षांपूर्वीचं साल असलेल्या.
काहींच्या काड्या गंजल्यात.
हिशेब झाले, नेमणुका झाल्या. आता
‘अध्यक्षांच्या परवानगीने येणारे इतर विषय’.
खिडकीतून मला रविवारची टोपी उभी राहिलेली दिसते.
“माझा प्रश्न असा,” त्या म्हणतात,
“की सहा वर्षं आम्हाला डिव्हिडंड नाही,
तर या सगळ्या वकिलांची फी
कुठल्या झाडाच्या चिकातून निघाली?”

माझ्या पिशवीत अपील कोर्टाची स्थगिती आहे.
साडेदहाला हातात पडली. पावणेबारा होत आलेत.
ती लावायला हवी, ताबडतोब, असं तिच्यावरच लिहिलंय.

मी पायरीवर बसून खळ ढवळतो आहे.
गुठळी राहता कामा नये.