इतर

नेरूळच्या आमच्या रो-हाउसला
अंगण म्हणावं अशी जागा साडेनऊ फूट बाय सहा.
त्यातली दीड फूट गॅसच्या पाइपानं खाल्ली.
उरलेल्यात ही उभी आहे,
माझ्याहून वीतभर उंच,
बुंधा करडा, बुडाशी फुगीर,
आणि शेंड्याला कोरफडीचा झुबका,
जणू कुणी खिडकीतली कुंडी
विजेच्या खांबावर विसरून गेलं.

तुर्भ्याच्या नर्सरीवाल्यानं चिठ्ठी बांधली होती:
‘पिवळ्या फुलाची, वाळवंटातली.’
मी विश्वास ठेवला.
कंपनीच्या प्रयोगशाळेत एकतीस वर्षं
लेबल वाचूनच बाटली उघडली होती मी.

आता नाही ठेवत.
पिवळीची साल म्हणे सोनेरी पापुद्र्यांनी सुटते,
पानं निळसर, राख फुंकल्यासारखी.
हिची साल जागची हलत नाही,
पानं गर्द हिरवी, पन्हळीसारखी खोल, खाली वाकलेली,
कडेचे दात पांढरट, टोकाला तपकिरी.
भिंग लावून मोजले, वीतभरात अठरा.
म्हणजे ही दुसरी, गुलाबी फुलाची असावी.
असावी.
अकरा वर्षं झाली, फूल आलेलं नाही.

लावली तेव्हा हिराजी मढवी गेटापाशी थांबला.
सोसायटीचा माळी तो, पण त्याच्या बापानं
इथंच कुठंतरी मीठ पिकवलंय.
‘भरावाच्या खाली खाजण हाय, बाय.
बुरान पानी साचला का झार गेला.’
त्यानं विटांचा चुरा आणला, खडी,
फुटक्या कौलांचे तुकडे,
गुडघाभर उंचवटा केला
आणि मुळं वरच्यावर बसवली.
जून ते ऑक्टोबर वर प्लॅस्टिक ताणायचं,
बाजू उघड्या, नळीला हात लावायचा नाही.

दुसऱ्या वर्षी तरीही बुडाशी मऊ पडली.
हिराजीनं करवतीनं वरचं धड कापून घेतलं,
तीन आठवडे जिन्याखाली आडवं ठेवलं,
जखम बोटाला कोरडी लागेपर्यंत.
मी रोज हात लावून पाहायचे.
शेजारच्या खांडेपारकरबाई म्हणाल्या,
‘प्रेत कुणाचं ठेवलंय?’

मागच्या आठवड्यात महापालिकेची वृक्षगणना आली.
तेजल गोंधळेकर, वय फार तर तेवीस,
टॅब्लेट, फीत, नंबरांचे पत्रे, हातोडी.
छातीच्या उंचीवर घेर घेतला, एकसष्ट सेंटिमीटर.
‘घायपात?’
मी पानाचं टोक मोडून तिच्या हातात दिलं. ओढून बघ.
घायपातीत दोरा निघतो. इथं नुसता गर.
‘मग कोरफड. कोरफड झाडात येत नाही.’
घेर घेतलास ना?
‘घेतला.’
ती यादीत खाली खाली सरकत गेली,
करंज, काशीद, कैलासपती, कोशिंब,
आणि लगेच खैर.
शेवटी एक बोट टेकवलं: ‘इतर’.

पत्रा ठोकायला खिळा काढला
तेव्हा मी हात आडवा धरला.
आत लाकूड नाही गं, पाणी आहे.
मग नंबर कुंपणाच्या भिंतीवर लिहिला, बाण काढून.

हिराजी नळी गुंडाळत होता. म्हणाला,
‘गावठानातला आमचा घर पन तसाच.
तीनदा मोजून नेला.
कागदान अजून इतर.’
तेजल हसली नाही.
पुढच्या घराची बेल तिनं जरा उशिरा वाजवली.

आज सकाळी स्टुलावर चढून पाहिलं.
मधला कोंब आजवर गोल होता,
आता चपटा झालाय,
पानं एका मध्याभोवती नाहीत, दोन.
दुफाटा फुटायचा असेल तर लक्षण हेच.
किंवा कोळीकिडा लागलाय,
तोही सुरुवातीला असाच दिसतो.
भिंग खाली राहिलंय.
उतरते.