उजवीकडची उशी

मंगळवारी आणि शुक्रवारी, दुकानाचं शटर अर्धं ओढून,
माझा हात खाली जायचा.
एकवीस वर्षं.
हिशेब आम्ही ठेवला नाही, टेबलानं ठेवला:
माझ्या उजवीकडच्या उशीचं रेक्झिन फाटून स्पंज बाहेर आलेला,
मधोमध माझ्या पेरांएवढा खळगा.
आणि डावीकडची, जिथं त्याचा हात पडायला हवा होता,
ती अजून प्लास्टिकमधून काढल्यासारखी.

त्याचं नाव झाप्रियान.
पर्वोमायमध्ये आता पोरांची अशी नावं कोणी ठेवत नाही.
अर्थ: थांबवलेला.
आधीची दोन पाळण्यातच गेली, तेव्हा सुईण म्हणाली,
असं नाव ठेवा की मरण उंबऱ्यावर अडेल.
अडलं.
पुढे बाकीचेही अडायला लागले.

प्लॉवदिवच्या बसस्टँडमागे, एका कॅफेत,
एका ट्रक ड्रायव्हरनं त्याचा हात
टेबलापासून दोन बोटांवर आणला,
आणि तिथून पुढं त्याला नेता येईना.
ड्रायव्हर लाल झाला, मग जांभळा, मग हसायलाच लागला.
झाप्रियान एकोणीस वर्षांचा, एकशे अठरा किलो,
डाव्या हातात अर्धी खाल्लेली बानित्सा.
ती संपवली, बोटं पुसली,
मग सावकाश तो हात उचलून पलीकडे नेऊन ठेवला,
झोपलेलं मूल कुशीवर वळवावं तसा.

वॉर्सा. इस्तंबूल. अटलांटाजवळचं कुठलंसं हॉटेल.
विमानात दोन सीट, दोन्हीचे पैसे त्याचेच.
धूर, दिवे, त्याच्या नावाचे तुकडे करणारा निवेदक.
समोरचे गुरगुरायचे, स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यायचे.
हा तळव्याला खडू चोळायचा,
ट्यूबला पावडर लावतात तितक्याच आस्थेनं.
हातचं राखून तो कधी लढला नाही.
बक्षिसातून आईचे दोन्ही मोतीबिंदू, एक कॉम्प्रेसर,
आणि मला बूट, एक नंबर मोठे.
मी आजही दोन मोजे घालतो.

बुखारेस्टला, चाळिसाव्या वर्षी, पट्ट्यानं हात बांधलेले,
एका जॉर्जियनसमोर,
ओली फळी मोडावी तसा आवाज माइकनं सगळ्या हॉलला ऐकवला.
दंडाचा स्नायू खांद्याकडे गुंडाळत गेला,
दोरी तुटलेल्या पडद्यासारखा.
हात मात्र दोन बोटांवरच.
रेफरीनंच मग पट्टा सोडला.
जॉर्जियन बाजूला जाऊन ओकला.

अकरा महिने तो डाव्या हातानं पाने फिरवायला शिकत होता,
मी नट उचलून देत होतो.
मग फेब्रुवारीतल्या एका शुक्रवारी
त्यानंच शटर अर्धं ओढलं.

मी जोर लावला नाही. लावला असेल.
एकवीस वर्षांची सवय, खाली जायचीच,
पण समोर नेहमीची भिंत नव्हती,
आणि भिंत नसली की माणूस पुढं पडतो.
नवं रेक्झिन करकरलं.
तो आवाज आम्ही दोघांनीही पहिल्यांदाच ऐकला.

हात टेकणं म्हणजे काय, ते मला विचारा,
मी त्यातलाच.
टेकवणं मात्र मला कुणी शिकवलं नव्हतं:
त्याची मूठ केव्हा सोडायची,
नजर कुठं ठेवायची.
दुखलं का, एवढंच विचारलं.
त्यानं मान वर-खाली हलवली,
आमच्याकडे याचा अर्थ नाही असा होतो.
परदेशी लोक नेहमी फसतात.
त्या दिवशी मीही जरा वेळ परदेशी होतो.

मंगळवारी आलो तर तो आधीच तिथं,
टेबलाखाली वाकून, बोल्ट ढिले करून,
डाव्या हातानं सगळं टेबल उलट दिशेला फिरवत होता.
मी मदतीला गेलो नाही.
आता चकचकीत उशी माझ्या उजवीकडे,
आणि माझ्या हाडांनी केलेला तो खळगा
त्याच्या.

खडूचा डबा माझ्याकडे सरकवून
त्यानं कोपर ठेवलं.
बाहेर कोणीतरी पंक्चरसाठी हॉर्न वाजवत होतं.
वाजवू दे, म्हणाला.